वेचणारा हात

कळीचा चुना पाण्यात पडला की आधी एक उसासा ऐकू येतो. मग पाणी आपोआप तापते, बादलीच्या तळाशी कुजबुज सुरू होते आणि वर येणाऱ्या वाफेला वास सुटतो. तो सुगंध नव्हे आणि दुर्गंधही नव्हे. तापलेल्या दगडावर पाणी शिंपडावे, त्यात चिमूटभर राख असावी आणि घशाच्या मागच्या बाजूला कोरडेपणाची एक बारीक रेघ ओढली जावी, असा काहीसा. लहानपणी घट बसण्याच्या आधी तो वास अंगणात आला की आम्ही भावंडे नाचायचो. आता तो आला की मी प्रथम स्वतःचे हात पाहते. ते जिथे ठेवले होते तिथेच आहेत ना, एवढेच.

धाराशिवमध्ये मेंदूविकारांच्या एका खासगी दवाखान्यात मी ईईजी काढते. मागच्या बाजूची एक लहान खोली, एक पलंग, एक यंत्र आणि शेजारच्या वाड्याच्या भिंतीकडे उघडणारी एक खिडकी, एवढे माझे राज्य. रुग्णाच्या डोक्याला टेपने मापायचे, रंगीत पेन्सिलीने खुणा करायच्या, खुणेच्या जागी कातडी हलकेच घासायची आणि तिथे दाट मलमाने लहान लहान धातूच्या वाट्या चिकटवायच्या. प्रत्येक वाटीची तार यंत्राला जोडली की पडद्यावर ओळी धावू लागतात. मेंदूत सतत जी अतिशय क्षीण वीज खेळत असते, तिच्या त्या ओळी. यंत्र आत काहीच सोडत नाही, नुसते ऐकते. "शॉक देत्यात का ओ?" हा प्रश्न मात्र दाराशीच येतो, आणि मी दररोज त्याच शब्दांत नाही म्हणते.

डोके कोरडे हवे, तेल नको, असे चिठ्ठीवर लिहून दिलेले असते. तरी डॉक्टरांकडे जायचे म्हणून आपल्याकडची माणसे डोक्याला चापून तेल लावून, भांग पाडून येतात. मग आमच्या दवाखान्यातल्या मदतनीस साबेराआपा रुग्णाला मागच्या नळाशी नेतात. "या अल्ला, एवढ्या तेलात गल्लीची भजी निघतील की!" असे म्हणत त्या शाम्पूची पुडी दाताने फोडतात. हसलेला माणूस पलंगावर सैल पडतो आणि सैल पडलेल्या माणसाच्या ओळी स्वच्छ येतात. आपांच्या त्या एका वाक्याचे माझ्या कामात किती मोल आहे, हे आपांना ठाऊक नाही, किंवा असेलही.

फेफरे म्हटले की लोकांच्या डोळ्यांसमोर एकच चित्र उभे राहते: माणूस धाडकन पडला, अंग ताठ, तोंडाला फेस. पण मिरगीचा एक प्रकार असा आहे की त्यात माणूस पडतच नाही. ज्यांनी गोंधळात संबळ ऐकला आहे त्यांना मी असे सांगते. मेंदू म्हणजे पुष्कळ वादकांचा मेळा. प्रत्येक जण आपापले वाजवतो, म्हणून त्यातून विचार, आठवण, चालणे, बोलणे निघते. कुठल्यातरी एका कोपऱ्यातला एक वादक एकाएकी एकच ठोका धरतो. शेजारचा त्याला सामील होतो, त्याच्या शेजारचाही. ठोका त्या कोपऱ्यातच राहिला तर तो फोकल झटका, म्हणजे एका ठरावीक जागेचा. सगळा मेळा त्यात ओढला गेला तर माणूस पडतो. आणि तो कोपरा ज्या कामाचा असेल, तेच काम मालकाला न विचारता सुरू होते.

तामलवाडीचे एक शेतकरी आले होते. त्यांचा फक्त उजवा अंगठा उडायचा. शुद्ध शाबूत, बोलणे शाबूत. अंगठा उडत असताना ते त्याच्याकडे पाहुण्याकडे पाहावे तसे पाहत होते. "मॅडम, बाकी सगळं माझं ऐकतंय. ह्यो एकटाच कुणा दुसऱ्याच्या मालकीचा हाय." आणि आमच्याच गावातले एक म्हातारे शिंपी, ज्यांना सगळे मास्टर म्हणतात, त्यांना दिवसाकाठी एकदा तरी डाव्या कानात शिवणयंत्र ऐकू यायचे. दुकान त्यांनी कधीच मोडले होते. "बेटा, मशीन बंद हाय, टाका चालू हाय," ते म्हणाले, आणि कापड सरकवावे तशी दोन बोटे पलंगाच्या चादरीवरून पुढे सरकवली. ती बोटे मी अजून विसरलेले नाही. तामलवाडीचे गृहस्थ पुन्हा आलेच नाहीत. न आलेल्यांचे काय झाले, हे या कामातले कधीच न भरणारे रिकामपण आहे.

पण मला सांगायचे आहे ते येरमाळ्याच्या सारिकाचे.

चैत्रातली यात्रा उलटून काही दिवस झाले होते. उन्हाने खिडकीचे गज तापलेले. सारिका आत आली तेव्हा तिच्यामागे तिची सासू कौसल्याबाई होत्या, आणि त्यांच्या कडेवर सारिकाची मुलगी आरोही. मुलगी रांगण्याच्या वयाची. ती आईकडे झेपावत होती आणि कौसल्याबाई तिला पुन्हा पुन्हा दुसऱ्या कडेवर घेत होत्या. रागाने नव्हे, चुलीजवळ गेलेल्या मुलाला जसे सवयीने मागे ओढतो तसे.

"पोरीला हिच्याकडं देत न्हाय मी," मी काही विचारण्याआधीच त्या म्हणाल्या. "पाजायपुरती देते, अन् तवाबी हात माझा खाली असतो."

"का हो मावशी?"

"हिला देवीचं येतं."

येरमाळ्याच्या येडेश्वरीच्या यात्रेत चुना वेचण्याची रीत आहे. भाविक रानातले चुनखडीचे पांढरे खडे वेचतात आणि देवीच्या नावाने एका ठिकाणी टाकतात. पूर्वी त्याच खड्यांचा चुना देवळाला देत, असे जुनी माणसे सांगतात. सारिका या घरात नांदायला आली आणि काही महिन्यांत, बसल्या जागी, तिचे डोळे थिजू लागले. ओठ काहीतरी चघळल्यासारखे हलत, आणि उजवा हात जमिनीवरून, पदरावरून, हवेतून बारीक बारीक काहीतरी उचलू लागे. चिमटीत धरायचा, सोडायचा, पुन्हा धरायचा. दुसऱ्या कुठल्या गावात लोकांनी याला वेड म्हटले असते किंवा बाहेरची बाधा. येरमाळ्यात मात्र पाहणाऱ्या पहिल्याच बाईने हात जोडले. येडाईचा चुना वेचते आहे! मग झटका आला की शेजारणी तिच्यासमोर खरे खडे आणून ठेवू लागल्या. तिने उचललेला खडा कुणी घरी नेला, कुणी तुळशीत ठेवला. झटका मिनिट-दोन मिनिटांत आपोआपच थांबणारा; तेवढ्यात कुणी कांदा फोडून, कुणी चप्पल आणून नाकाशी धरी, आणि थांबले ते आपल्यामुळे असे प्रत्येकालाच वाटे.

हे चालले असते आणखी कित्येक वर्षे. पण एका दुपारी सारिका आरोहीला मांडीवर घेऊन तूर निवडत बसली होती. घरात दुसरे कुणी नव्हते. ती भानावर आली तेव्हा मांडी रिकामी होती.

"सुपात तूर तशीच व्हती," सारिका सांगू लागली. तिचा आवाज इतका हलका होता की मी नकळत पुढे वाकले. "अर्धी निवडलेली. पोरगी न्हाय. उठले तर पाय जड. हाक मारली. ती का ओ देणार? मग आत्या आल्या." तिने सासूकडे पाहिले.

आरोही गोठ्यात सापडली. गव्हाणीत, कडब्याच्या मऊ चुऱ्यावर, शांत झोपलेली. शेजारी म्हैस रवंथ करत उभी.

"कुणी ठेवली तिथं?" सारिका मला विचारत होती. "सांगा की मॅडम. घरात तर मीच व्हते."

कौसल्याबाईंचे उत्तर तयार होते. देवीने पोर उचलली, देवीनेच ठेवली. ती आता खूण देते आहे. येत्या नवरात्रात घट बसले की सारिकाची परडी भरायची, म्हणजे तिला देवीची आराधीण करायची, हे घरात ठरले होते. "मग ही देवीची. पोरगी माझी. दोघींचंबी भलं." पोलिओ पाजायला आलेल्या आशाताईंनी झटका पाहिला आणि मोठ्या डॉक्टरांना दाखवा म्हणून त्यांचा पिच्छा पुरवला, म्हणून ही फेरी. "मशीनमदी काय निगालं न्हाय की समद्यांची तोंडं बंद," कौसल्याबाई म्हणाल्या, आणि भिंतीला टेकून बसल्या.

मला भीती वाटली ती नेमकी याचीच. दोन झटक्यांच्या मधल्या काळात मिरगीच्या रुग्णाचा आलेखही अगदी निर्मळ येऊ शकतो. निर्मळ कागद म्हणजे आजार नाही असे नव्हे. पण हे कौसल्याबाईंना कोण पटवणार? त्या दुपारी एका बाईचे मूल माझ्या त्या पळत्या ओळींवर अवलंबून होते, आणि ओळींना हे माहीत नव्हते.

वाट्या चिकटवताना सारिका छताकडे पाहत होती. आदल्या रात्री तिला जागे ठेवायला सांगितले होते, म्हणून डोळ्यांखाली निळसर सावल्या. झटका येण्याआधी काय होते, असे मी विचारले.

"पोटातनं कायतरी वर येतं. पाळण्यात बसल्यावानी. अन् वास येतो."

"कसला?"

"वल्या चुन्याचा. कुटंतरी चुना भिजतोय, असा."

मी यंत्र सुरू केले. ओळी धावू लागल्या. डोळे मिट, उघड. दीर्घ श्वास घे, सोड. ती सारे करत होती. ओळी शांत होत्या, नितळ. कौसल्याबाईंना हव्या होत्या तशा. बाहेर गल्लीत एक भंगारवाला ओरडत गेला आणि त्याचा आवाज रेकॉर्डिंगमध्ये नको म्हणून खिडकी लावावी, असे माझ्या मनात आले. मी अजून हललेही नव्हते.

"तुमी आता खिडकी लावणार," सारिका म्हणाली.

मी थबकले.

"हे समदं झालंय आदी. ह्यो निळा टावेल. आत्या तिथं. तुमी उठणार, खिडकी लावणार." ती माझ्याकडे नव्हे, माझ्या किंचित मागे पाहत होती. "वास यायला लागला, मॅडम."

पुढच्या क्षणी उजव्या कानाजवळच्या ओळींत तो एकच ठोका सुरू झाला. आधी बारीक, जणू कुणी दुरून दार वाजवते आहे. मग ठळक, मग शेजारच्या ओळीही त्यात. मी खुणेची कळ दाबली आणि आपांना हाक मारली.

"सारिका, हात वर कर. सारिका, एक शब्द लक्षात ठेव, पेरू."

डोळे उघडे होते. त्यात खिडकीचा चौकोन स्पष्ट दिसत होता आणि सारिका नव्हती. ओठ चघळू लागले. डावा हात मनगटात वळून ताठ झाला आणि उजवा, हळू, फार हळुवारपणे, वेचू लागला.

कौसल्याबाई उठल्या. एका हाताने त्यांनी कमरेची पिशवी सोडली आणि चुनखडीचे खडे पलंगावर ठेवले. दुसऱ्या हातात चप्पल होती. आरोही तोवर आपांच्या कडेवर गेली होती. "मावशी, चप्पल खाली," आपा शांतपणे म्हणाल्या. "आत्ताच फरशी पुसली मी. अन् तिला कुणी धरू नका. पडत न्हाय ती. आपण नुसतं बाजूला बसायचं."

मी कौसल्याबाईंना म्हणाले, "मावशी, हात पाहा. नीट पाहा." मी खडे थोडे दूर सरकवले आणि हाताजवळ कापसाचा एक बोळा ठेवला. हाताने बोळा उचलला, सोडला. मग चिकटपट्टीचा तुकडा उचलला, सोडला. मग टॉवेलचे निळे टोक. प्रत्येक वस्तू त्याच चिमटीत, त्याच आदराने.

त्या हाताला निवड नव्हती, एवढेच मला त्यांना दाखवायचे होते. त्यांनी ते पाहिले.

"देवी कशातबी असती," त्या म्हणाल्या. पण खडे त्यांनी उचलून घेतले.

ओळी ओसरल्या. सारिका दमल्यासारखी खोल श्वास घेऊ लागली. आणि तेव्हा, त्या बंद न केलेल्या खिडकीतून की आणखी कुठून, मला चुन्याचा वास आला. ओला, उष्ण, घशात रेघ ओढणारा. मी खिडकीशी गेले. भिंत कोरडी होती. गल्लीत ऊन होते आणि एक कुत्रा. वर, खाली, कुठेही कुणी काही भिजवत नव्हते. मी वळले तोवर वास गेला होता. नंतर डॉक्टरांना सांगितले तेव्हा ते म्हणाले, मन ऐकलेल्या गोष्टीचा वास घेऊ शकते. शकत असेल. मी माझे हात पाहिले तो पहिला दिवस.

काही वेळाने मी सारिकाला विचारले, "मी तुला एक शब्द सांगितला होता."

"कवा?" ती म्हणाली.

आमचे डॉक्टर याच जिल्ह्यातले. त्यांनी पडद्यावरच्या ओळी कौसल्याबाईंना दाखवल्या. उजवा हात वेचत होता आणि डावा आखडला होता, म्हणजे ठोका मेंदूच्या उजव्या बाजूला सुरू होतो, कारण डाव्या अंगाची मालकी त्या बाजूकडे असते; कानाच्या पातळीवर, मेंदूत खोल, जिथे वास, भीती आणि आठवण शेजारी शेजारी राहतात. म्हणून न आलेला वास येतो आणि न झालेले झाल्यासारखे वाटते. नंतर सोलापूरला स्कॅन झाला तेव्हा त्याच जागी एक लहानसा जुना व्रण दिसला. तान्ही असताना सारिकाला तापात फार वेळ आकडी आली होती, हे मग तिच्या आईला आठवले.

कौसल्याबाई ऐकत होत्या, पण त्यांच्या चेहऱ्यावरची एकही रेषा हलत नव्हती. तेव्हा डॉक्टर म्हणाले, "मावशी, आमच्याही घरात परडी आहे. माझी आजी जोगवा मागायची. पण परडी घेणाऱ्या बाईला आधी विचारतात, घेतेस का म्हणून. ही त्या वेळी इथं नसतेच. मग हो कोण म्हणणार?"

हे मात्र त्यांना लागले. त्या सारिकाकडे वळल्या. मग म्हणाल्या, "घट बसंस्तोवर बघू. गोळ्या घेऊ द्या. तवर एकदाबी आलं न्हाय, तर परडी न्हाय, अन् पोरगी हिची. आलं तर मात्र मला कुणी बोलायचं न्हाय."

मिरगीचा असा करार कुणी करत नसतो. गोळ्यांची मात्रा बसायला वेळ लागतो, एखादा झटका मधेच निसटतो. डॉक्टरांनी ते सांगितले. कौसल्याबाईंनी मान हलवली आणि आपले म्हणणे बदलले नाही.

जाताना सारिका दारात मागे राहिली. "ती गव्हाणीत कुणी ठेवली, ते सांगितलं न्हाय तुमी."

"तूच," मी म्हणाले. "झटका ओसरताना माणूस उठतो, चालतो, काहीतरी करतो. त्याला ते आठवत नाही."

"म्हंजी मी न्हवते, तरी मीच?"

त्या रिकाम्या दुपारी तिच्यात कुणीच नसताना तिच्या हातांनी मूल उचलले, उंबरा ओलांडला, म्हशीच्या शिंगांना वळसा घातला आणि सगळ्यात मऊ जागा शोधली. मी एवढेच म्हणाले, "ज्या हातांनी ठेवली, त्यांनी ती जपून ठेवली, सारिका." ती आपल्या उजव्या हाताकडे पाहत पायऱ्या उतरली.

पावसाळाभर तिची मात्रा दोनदा वाढवावी लागली. औषध बेतण्यासाठी फोनवर आपा विचारपूस करत आणि मला सांगत. झोप फार येते. जीभ जड पडते. पण वेचणे नाही, वास नाही. मूल पाजताना जमिनीवर बसायचे, चुलीशी आणि आडाशी एकटीने जायचे नाही, मुलीला आंघोळ घालताना कुणीतरी सोबत हवे, हे सारे डॉक्टरांनी सांगितले होते. "ती सोबत कोण करतं?" मी एकदा विचारले. आपा हसल्या. "कौसल्याबाईच की! बाजूला बसतात, अन् हात मांडीवर ठेवून नुसतं बघतात, म्हणे. पोरीला हात लावत न्हायत, अन् नजरबी हलवत न्हायत."

घट बसायला थोडेच दिवस उरले असताना त्या तिघी पुन्हा आल्या. तपासणीचा आलेख काढायचा होता. आरोही आता पावले टाकत होती आणि सारिकाच्या बोटाला धरून होती. कौसल्याबाई एक पाऊल मागून येत होत्या. सारिकाने केस धुतलेले होते, कोरडे. आपांनी दोन्ही हात वर करून शुक्र मानला.

मूल मांडीवर असताना आलेख नीट येत नाही. पण आरोही आईला सोडेना, आणि रडण्यापेक्षा मांडी बरी, म्हणून मी सारिकाला पलंगावर बसवूनच तारा जोडल्या. ती सारिकाच्या कुशीत आडवी झाली, एक मोकळी तार मुठीत धरून. मी खिडकी आधीच लावली होती. या वेळी खिडकीविषयी कुणाला आधीच काही सांगायला जागा ठेवायची नव्हती.

ओळी धावत होत्या. शांत. उजव्या कानाजवळ अधूनमधून एखादे बारीक टोक येई आणि विरे. खोलीत यंत्राच्या पंख्याची घरघर होती आणि मुलीचा झोपेला आलेला श्वास.

आणि तो वास आला.

आधी मला आला. मी तो ओळखला. मी हात पाहिले. कीबोर्डवर होते. पडद्याकडे पाहिले. ओळी शांत. मग सारिकाकडे पाहिले. तिच्या नाकपुड्या किंचित फुलल्या होत्या. तिने ओठ घट्ट मिटून घेतले. मिटलेल्या ओठांमागे ती काय धरून ठेवते आहे, हे मला दिसत होते. बोलली तर मूल जाणार होते, आणि न बोलावे तर पुढे काय येईल ते तिला ठाऊक होते.

तिने मुलीला उचलून पलंगाच्या मधोमध, उशीशी ठेवले. मग म्हणाली, "मॅडम. वास येतोय."

कौसल्याबाई उठल्या. दोन्ही हात पुढे आले, त्याच जुन्या सवयीने, मुलीच्या दिशेने.

"थांबा मावशी," मी म्हणाले. "मलाही येतोय."

"तुमाला कसा येईल?" त्यांचा आवाज चढला नाही, कापला. "तिची बाजू घेऊ नका, बाई. त्यो वास तिचाच हाय. दुसऱ्या कुणाला येत नसतो त्यो."

मला त्यांना खोटे म्हणता येईना. एकदा तो मलाही असाच आला होता आणि खिडकीबाहेर काही नव्हते. मी पडद्यावरच्या ओळी मोजल्यासारख्या पाहत होते. "सारिका, हात वर कर," मी म्हणाले. तिने केला. उजवा, मग डावा. तिचे डोळे भरले होते आणि त्यांत ती होती, सगळीच्या सगळी.

कौसल्याबाईंचे हात मुलीपाशी पोहोचून थांबले. नाकाशी काहीतरी खुपल्यासारखी त्यांनी मान फिरवली. एकदा, पुन्हा एकदा त्यांनी श्वास आत ओढला. त्यांच्या चेहऱ्यावर जे आले ते मी याआधी त्यांच्या बाबतीत कधी पाहिले नव्हते. त्या घाबरल्या होत्या. त्यांनी खिडकीकडे पाहिले, मग माझ्याकडे. मी जागची हलले नाही. ती खिडकी मी उघडायची नव्हती.

त्या स्वतःच गेल्या. कडी त्यांच्या हाताला पटकन सापडेना. पल्ला उघडला तशी वाफ आत आली आणि वास दाट झाला. गल्लीत एक माणूस शिडीवर उभा होता. खाली बादलीत चुना अजून फसफसत होता, आणि कुंचल्याच्या एका ओढीमागे शेजारच्या जुन्या वाड्याचा तुकडा ओला, करडा, मग पांढरा होत होता.

कौसल्याबाईंनी शिडी पाहिली, फसफसती बादली पाहिली. मग त्यांनी खिडकी तशीच उघडी सोडली, मागे आल्या आणि पलंगाच्या कडेशी बसल्या. आरोही जागी झाली होती. ती दोघींकडे पाहून सारिकाच्या मांडीवर सरकली. कौसल्याबाईंनी पुढे आलेले हात मागे घेतले, पदराखाली एकमेकांत गुंतवून ठेवले आणि माझ्याकडे न पाहता मला म्हणाल्या,

"भिंत."